ओटीवरची ओल

॥ श्री ॥

गोरेगाव, मुंबई
१४ जानेवारी २०२४

ती. आक्कास,
मंगेशचा शि. सा. नमस्कार वि. वि.

पाकिटात तिळगूळ घातला आहे. पिंगुळीला पोचेपर्यंत त्याची भुकटी होईल, तेव्हा चमच्याने खा आणि गोड बोल. निदान बोल. तीन महिने तू फोन उचलत नाहीस. शेवटी शेजारच्या लवूला फोन केला, तर तो म्हणाला की आक्काचा फोन विहिरीवर पाण्यात पडला आणि तेव्हापासून तो तांदळाच्या डब्यात आहे. म्हणून हे पत्र. हातातला पेन म्हणजे सेटवरची एखादी वस्तू असावी, तसा मी तो धरून बसलो आहे.

बातमी अशी की आपल्या घरात झालेल्या सिनेमाला कलादिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं. म्हणजे मला. परीक्षकांनी लिहिलं आहे की ओटीवरच्या भिंतीची ओल हे या सिनेमातलं एक स्वतंत्र पात्र आहे. बाकीच्या पात्रांना त्यांनी काहीच दिलं नाही, त्यामुळे नटमंडळी माझ्याशी जरा जपून बोलतात. कुडाळची काही मंडळी सत्कार करू म्हणत आहेत.

दुसरी बातमी, मी आता निर्माता होतो आहे. पंचवीस वर्षं दुसऱ्यांच्या सांगण्यावरून भिंती मळवल्या, आता स्वतःच्या मर्जीने मळवीन. पहिल्या सिनेमासाठी नोव्हेंबरात वीस दिवस आपलं घर हवं आहे. तू हो म्हटलंस की कामाला लागतो.

एक विचारायचं होतं. या भाऊबीजेला तुझं बोलावणं आलं नाही. एकावन्न वर्षांत पहिल्यांदा. विसरलीस असं मी समजतो, कारण दुसरं काही समजायची माझी तयारी नाही.

संचिताचा नमस्कार. तुझा लोभ पूर्वीइतकाच आहे, असं दोन ओळींत कळवलंस तरी पुरे.

तुझा,
मंगेश


॥ श्री ॥

पिंगुळी, ता. कुडाळ
२ फेब्रुवारी २०२४

चि. मंगेश यास,
यशोदाचे अनेक उत्तम आशीर्वाद.

तिळगूळ पोचला. भुकटीच होती, चहात घातली. फोन तांदळात आहे हे खरं. ओल निघते म्हणे. निघाली की नाही ते मी बघितलेलं नाही, कारण फोनवर तू एका वेळी तिघांशी बोलतोस आणि त्यातली तिसरी मी असते. कागदावर लिहिताना माणसाला एकट्यानं बसावं लागतं. तेव्हा लिहीत जा.

काजूला मोहोर बरा आहे. आंब्याचं काही खरं नाही. बक्षीस मिळालं ते छान झालं. बाबा असते तर पेपर घेऊन आपल्या गणपतीच्या शाळेत मूर्ती ठरवायला येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला त्यांनी वाचून दाखवला असता, आणि गिऱ्हाइकाने आधी मूर्तीचं बोल म्हटलं असतं.

तुझा सिनेमा आम्ही बघितला. ऑक्टोबरात कणकवलीला कॉलेजच्या हॉलमध्ये दाखवला. वाडीतून टेम्पो केला होता. बायकांनी लग्नाकार्याला नेसायच्या साड्या नेसल्या होत्या, मीसुद्धा. आपली ओटी पडद्यावर आली तेव्हा सगळ्या पुढे वाकून बघायला लागल्या. मग लवूच्या मथुराने माझ्या कानाशी येऊन विचारलं, आक्का, तुमच्या घराची ही दशा कधी झाली गो? ती रोज सकाळी त्याच ओटीवर बसून माझ्याकडचा चहा पिते. मी तिला सांगितलं, ही दशा केलेली आहे. ती म्हणाली, कोणी? मी म्हटलं, पुढे बघ.

आरोंद्याच्या आत्यानेही तिकडे कुठेतरी बघितला. आठवड्याभरात तिच्याकडून दहा नारळ आणि जुन्या पण धडक्या अशा तीन साड्या आल्या. चिठ्ठीत लिहिलं होतं की लाजू नको, आपल्या माणसांत कसली लाज. साड्या मी परत पाठवल्या. नारळ ठेवले.

सिनेमा संपल्यावर पांढरी नावं वर सरकू लागली. लोक उठत होते, पण मथुराने आमच्या सगळ्या रांगेला खाली बसवलं. म्हणाली, घर आक्काचं, तर आक्काचं नाव येणारच. आलं. तिने ते मोठ्याने वाचायला घेतलं आणि अर्ध्यावर थांबली. नंतर म्हणाली की चष्मा नव्हता. मंगेश, मथुरा चष्मा लावत नाही.

नोव्हेंबरात घर मिळेल का म्हणून विचारतोस. ते मी कोण सांगणार? मालकांनी ठरवावं.

प्रकृतीला जप. जेवणाच्या वेळा सांभाळ.

घर सांभाळणारी,
यशोदा


गोरेगाव, मुंबई
११ फेब्रुवारी २०२४

ती. आक्कास,
सा. नमस्कार.

पत्र मिळालं. आत्याच्या साड्यांचं वाचून संचिता इतकी हसली की शेजारी बघायला आले. मी हसलो नाही. तुझ्या पत्राच्या शेवटी जी सही आहे, ती मी दिवसभर पुनःपुन्हा वाचत होतो.

तुझा राग कशावर आहे ते मला माहीत आहे, तेव्हा ते उघडच बोलू. शूटिंगच्या पहिल्या दिवशी मी तुझ्यावर ओरडलो. चौदा माणसांच्या देखत ओरडलो. पण आक्का, माझी बाजू एकदा ऐक. आमच्या धंद्यात धडधाकट वस्तूला जुनं, वापरलेलं, गरीब करावं लागतं. त्याला आम्ही एजिंग म्हणतो आणि त्यावर माझं पोट आहे. पाच माणसं तीन दिवस तुझ्या घरावर राबली. भिंतीला चहाचं पाणी, काजळी, गेरू. खांबांना मेण आणि राख. ओटीवर ओलीचा डाग मी स्वतः काढला, एका रात्री चार वेळा पुसून. सकाळी सात वाजता युनिट घेऊन आलो, तर तू पहाटे उठून काथ्याने सगळी भिंत घासून काढलेली. दारासमोरचं खळं सारवलेलं. उंबऱ्यावर रांगोळी. आणि तू पदर खोचून, कोपरापर्यंत शेणाच्या हातांनी हसत उभी, म्हणतेस की बाहेरचे लोक यायचे, त्यांना असलं घर दाखवायचं काय.

जगात दुसऱ्या कुठल्या कलादिग्दर्शकाच्या बहिणीने असं केलं नसेल. त्या दिवशी एक फ्रेमसुद्धा झाली नाही. मी ओरडलो ते चुकलंच. त्याची मनापासून माफी मागतो. दुसऱ्यांदा तो डाग मी तेलरंगात केला आणि वरून वॉर्निश मारला, तू पुन्हा पुसू नयेस म्हणून. तो अजून गेला नसणार. सावंतवाडीहून एक चांगला रंगारी पाठवतो, तो भिंत पहिल्यासारखी करून देईल.

आता झालं ना? सही नीट करत जा.

तुझ्या पत्राची वाट पाहणारा,
मंगेश


॥ श्री ॥

पिंगुळी
२५ फेब्रुवारी २०२४

चि. मंगेश यास,
अ. उ. आशीर्वाद.

रंगारी आला होता. चहा देऊन परत पाठवला. भिंत माझी मी बघेन.

तू ओरडलास त्याचं मला काही नाही. बाबा गणपतीच्या शाळेत ओरडायचे तेव्हा कौलांवरची माकडं पळायची. तुला राग आला म्हणून ओरडलास, आणि मी सगळ्यांचा दिवस घालवला हे मला तेव्हाही कळलं होतं. म्हणून तर आत जाऊन चहा टाकला. माफी मागताना तू नेमकी सोपी गोष्ट निवडलीस. लहानपणीही तसंच. काच फोडलीस तर दूध सांडल्याचं कबूल करायचास.

आता मी सांगते. चौदा कप ट्रेमध्ये घेऊन मी माजघराच्या दाराआड आले होते. तुमचे ते दिग्दर्शक ओटीवर उभे होते. फाटकी पँट घातलेले, नवीन घेतलेली फाटकी. त्यांनी तुला विचारलं, ही बाई कोण? तू म्हणालास, "गावातलीच आहे. घर सांभाळते."

मी तिथेच उभी राहिले. वाटलं, पुढे काहीतरी बोलशील. तू खांबाचं मेण दाखवायला लागलास. मग मी बाहेर आले आणि तुझ्यापुढे ट्रे धरून म्हटलं, साहेब, चहा. तू कप उचललास. चौदा कप होते, मंगेश. एकातलाही थेंब सांडला नाही.

नऊ दिवस मी तुला साहेब म्हणत होते. एकदा तरी म्हणशील, आक्का पुरे. तू एकदाच काहीतरी बोललास, साखर कमी घाल म्हणून.

तरी मी विसरले असते. शूटिंगमध्ये प्रत्येकाला काही ना काही काम देतात, आपल्याला हे दिलं, असं मनाला सांगितलं होतं. पण कणकवलीच्या हॉलमध्ये शेवटी पांढऱ्या अक्षरात आलं, घराची देखभाल : यशोदाबाई. आडनाव नाही. बाबांनी बांधलेलं घर, मी तिथे एकसष्ट वर्षं काढली, आणि वाडीतल्या सगळ्या बायकांनी ते वाचलं. परतताना टेम्पोत सगळ्या बाहेर बघत बसल्या. जाताना गाणी म्हणत गेल्या होत्या.

घर पाहिजे म्हणतोस. ते घर कोणाचं आहे ते आधी लिही, मग मी उत्तर देईन.

सौ. संचिताला आशीर्वाद. तिचं यात काही नाही.

यशोदा


गोरेगाव, मुंबई
९ एप्रिल २०२४, पाडवा

ती. आक्कास,
मंगेशचा नमस्कार.

सव्वा महिना पत्र नाही. चार लिहिली आणि फाडली. चौथं फार सुरेख जमलं होतं, म्हणून तेही फाडलं.

तू दाराआड होतीस हे मला माहीत नव्हतं, असं लिहिणार होतो. खोटं आहे. ट्रेवर कप वाजले होते. मी ऐकले आणि मेणाबद्दल बोलायला लागलो.

का म्हणालो, ते सांगतो. त्या माणसांना मी सांगून ठेवलं होतं की माझे वडील चित्रकार होते. मुलाखतींतही तेच सांगतो. गणपतीच्या शाळेत मातीत बसून पीतांबर रंगवायचे हे सांगत नाही, चित्रकार एवढंच म्हणून पुढे सरकतो. मग लोक आपोआप एक घर मनात उभं करतात. पुस्तकांनी भरलेलं, खिडकीत कोणीतरी सतार वाजवतं आहे असं. मी त्यांना ते करू देतो, माझा धंदाच तो आहे. आणि तू शेणाचे हात घेऊन, मालवणी बोलत, त्या सेटच्या मधोमध येऊन उभी राहिलीस. एका क्षणात मला दोघींपैकी एक निवडायची होती, तू किंवा ती सतारवाली. मी तुला गावातली बाई केलं. भिंतीसारखंच केलं तुझं. वर थोडी काजळी मारली आणि पुढे गेलो.

यापेक्षा वाईट आहे ते आता. श्रेयनामावली माझ्याकडे तपासायला आली होती. सहायकाने जे ऐकलं तेच इमानदारीत लिहिलं होतं. मी ती ओळ वाचली. बदलायची तर चार लोकांना सांगावं लागलं असतं की ही माझी बहीण, आणि मी तेव्हा खोटं बोललो. मी दोन सुतारांच्या नावांतल्या चुका दुरुस्त केल्या आणि खाली सही केली. सुतारांची नावं बरोबर आहेत, आक्का. तू बघितलंच असशील.

आता ओळ बदलता येते का ते विचारलं. सिनेमा ज्यांनी विकत घेतला त्यांनी नाही म्हणून कळवलं.

बक्षीस घेताना भाषणात मी म्हणालो की भिंती जुन्या करण्याची कला मी संस्थेत शिकलो. संस्थेत मला पट्टी धरायला शिकवली. मी अकरा वर्षांचा असताना शाळेच्या नाटकासाठी गडाचा तट हवा होता, तेव्हा तू चुलीवर चहाची पूड उकळून जुन्या चादरीवर ओतलीस आणि म्हणालीस, वरून खाली ओत, पाणी खालूनवर चढत नाही. पंचवीस वर्षं मी तेवढ्यावर जगलो आहे.

घर तुझं आहे. मला ते नको. कुडाळच्या सत्काराला हो म्हणतो आणि तिथे सगळ्यांसमोर तुझी माफी मागतो. तू फक्त पुढच्या रांगेत येऊन बस.

लोभ ठेव असं लिहिण्याचा मला आज हक्क नाही, म्हणून जागा मोकळी सोडतो.

मंगेश


॥ श्री ॥

पिंगुळी
१२ जून २०२४

चि. मंगेश यास,
आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला. काजू, मग रातांबे, मग सोलं सुकवायची होती. आणि तुझं पत्र पुन्हा हातात घ्यायला मला वेळ लागला. पोस्टमन बाबली रोज सायकल थांबवून विचारायचा, मुंबईला काही जायचं आहे काय. त्याला नाही म्हणून सांगताना माझीच अडचण व्हायची.

सत्काराला मी येणार नाही आणि तूही जाऊ नकोस. स्टेजवर रडणारे भाऊ मी टीव्हीवर बघते, तेवढे पुरेत. माझा अपमान तू चौदा माणसांसमोर केलास, त्यासाठी चारशे माणसं, हार आणि माइक कशाला? तिथेही तूच मधोमध उभा राहणार आणि मी खाली बसून डोळे पुसणार. तोही एक सेटच.

तू खरं लिहिलंस म्हणून मीही एक लिहिते. तुला साहेब म्हणताना पाचव्या दिवसापासून मला मजा यायला लागली होती. तुझा घास अडकायचा ते दिसायचं. मग मी मुद्दाम दोन वेळा जास्त म्हणायचे. अशी मजा मला कधी येईल असं वाटलं नव्हतं. त्याची मला लाज वाटते. तुझ्याइतकी नाही, पण वाटते.

आता कामाचं. बाबांच्या शाळेत यंदा बेचाळीस मूर्ती आहेत आणि माझा उजवा हात थरथरतो. डॉक्टर म्हणतात वय झालं. मूर्तींचे डोळे काढायला मनगट धरून बसावं लागतं, त्यामुळे बाकीचं काम मागे पडतं. नारळी पौर्णिमा झाली की ये आणि चतुर्थीपर्यंत राहा. पांढऱ्या रंगाचं अस्तर तू मारायचं. पीतांबर तू रंगवायचे. गिऱ्हाइकांचा चहा तू करायचा. डोळे मी काढणार, त्यात बोट घालायचं नाही. कपडे साधे आण, फाटके विकत घेऊ नकोस.

आणि कोणी विचारलं की हा कोण, तर काय सांगायचं ते मी तेव्हाच्या तेव्हा ठरवीन. तोपर्यंत घाबरत राहा.

छत्री आण.

यशोदा


गोरेगाव, मुंबई
१६ सप्टेंबर २०२४

ती. आक्कास,
मंगेशचा शि. सा. नमस्कार वि. वि.

सुखरूप पोचलो. नखांतला पिवळा रंग अजून निघत नाही. काल निर्मात्यांच्या एका बैठकीत हात टेबलाखाली घ्यायला गेलो, मग वर ठेवले. कोणीतरी विचारलं, हे काय. मी म्हटलं, पीतांबर. ते समजले नाहीत. मग मी शाळा, माती, बाबा, तू, सगळं सांगितलं. बराच वेळ लागला. त्यांच्या विमानाची वेळ झाली होती.

तुला एक गोष्ट सांगायची राहिली. समोर सांगायला जमली नाही, म्हणून तिथून निघाल्यावर कागद घेतला.

अठरा दिवस मी घाबरत होतो. आणि अठरा दिवस कोणी विचारलंच नाही. ज्याला त्याला माहीत होतं. लवू म्हणाला, इलंस? मथुरा म्हणाली, बारीक झालंस. नारळ घेऊन आलेल्या आत्याने मला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि साड्यांचा विषय काढला नाही, तेवढे तिचे उपकार. मला वाटू लागलं की परीक्षा चुकली.

मग चतुर्थीच्या आदल्या दिवशी तो बँकेतला नवीन अधिकारी आला, लातूरकडचा, लहान मुलीला घेऊन. तू मूर्तीवरचा कागद काढत होतीस आणि मी आत चहा करत होतो. कप ट्रेमध्ये भरून मी माजघराच्या दारापर्यंत आलो, तेवढ्यात त्याने भिंतीकडे बोट दाखवून तुला विचारलं की बाई, इथे एवढी ओल कशी, घर चांगलं आहे, गळती बघून घ्या.

मी दाराआड थांबलो. आक्का, तू ज्या फरशीवर उभी होतीस, त्याच फरशीवर. ट्रे जड असतो. मला माहीत नव्हतं.

बाहेरच्या माणसांशी तू नेहमी पुस्तकातलं बोलतेस. त्या वेळी नाही बोललीस. तू म्हणालीस, "ओल न्हय ती. माझ्या धाकल्या भावान रंगवलेली आसा. तो काय, भुतूर चाय करता."

त्याने भिंतीला हात लावून बघितला. कोरडी आहे म्हणाला. त्याच्या मुलीनेही लावला. मी बाहेर आलो, तू माझ्याकडे बघितलं नाहीस, मूर्तीची सोंड पुसत राहिलीस. मी चहा दिला. एक कप सांडला, त्या माणसाच्या बुटावर. तुझ्यासारखं मला जमत नाही.

निघण्याच्या दिवशी तू आंघोळीला गेलीस तेव्हा मी काथ्या आणि रॉकेल घेऊन तो डाग घासायला बसलो होतो. तासभर घासला. कडेचा थोडा फिका झाला, बाकीचा तसाच आहे. काम पक्कं झालं होतं. तू ओल्या केसांनी दारात येऊन बघत होतीस हे मला मागाहून कळलं. असू दे म्हणालीस. असू दे.

नवीन सिनेमासाठी घर इथेच उभं करतो आहे, प्लायवूडचं. कामगारांनी ओटीची भिंत मळवायला घेतली, मी त्यांना थांबवलं. उद्या परत बघेन म्हटलं. बघू.

भाऊबीज तीन नोव्हेंबरला आहे. बोलावणं आलं तर भाऊ म्हणून येईन. नाही आलं तरी गाडीचं तिकीट काढलेलं आहे. ओटीवर बसणाऱ्या सगळ्यांना चहा लागतोच. फोन तांदळातच राहू दे. मनगटाला तेल लावत जा, आणि माझ्यावर जेवढा उरला असेल तेवढा लोभ तुटू देऊ नकोस.

भुतूर चाय करणारो,
मंगेश